रेल्वेचे भाडे आणि घटनेतील समता

(उपासक-उपासिकांच्या सभेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या व्याख्यानाचा विषय ऐकून आपल्यापैकी कित्येकांना नवल वाटले असेल. धम्म, शिक्षण, गायरान, नोकरीतील राखीव जागा हे आपल्या सभांचे नित्याचे विषय होत. त्यांच्या पंक्तीला रेल्वेचे भाडे कोठून येऊन बसले, असा प्रश्न मनात येणे साहजिक आहे. परंतु भाडे ही जितकी हिशेबाची बाब आहे तितकीच ती हक्काची बाब आहे. दर कोणी ठरवायचा, तो सर्वांना एकच असावा की नाही, आणि तो अन्यायाचा वाटल्यास दाद कोणाजवळ मागावयाची, या तीन प्रश्नांवर गेल्या दीडशे वर्षांत न्यायालयांत मोठमोठे झगडे झाले. त्या झगड्यांत गाजलेली दोन वचने आपल्या घटनाकारांपुढे होती. त्यांपैकी एक त्यांनी घटनेत घेतले. दुसरे पूर्ण विचारांती बाहेर ठेवले. कोणते घेतले, कोणते ठेवले, आणि त्यामुळे सातारा-सांगलीकडच्या साध्या माणसाच्या हाती काय आले व काय आले नाही, एवढेच आज सांगावयाचे आहे. कायद्याची भाषा थोडी रुक्ष असते, तरी आपण ती नेटाने ऐकावी अशी विनंती आहे.

प्रथम आपल्याच मुलखातील एक प्रवास घेऊ. साल १९०१. सुभेदार रामजी सकपाळ त्या वेळी खटाव तालुक्यात खजिनदार होते. दुष्काळात लोकांना काम मिळावे म्हणून सरकारने तेथे तलाव खणण्याचे काम काढले होते. सुट्टीत मुलांनी आपल्याकडे यावे असे त्यांनी साताऱ्यास पत्राने कळविले. जेमतेम दहा वर्षांचा भीमराव, त्याचा भाऊ आणि थोरल्या बहिणीचे दोन मुलगे, अशी चार मुले नवे कपडे लेवून आगगाडीने निघाली आणि मसूर स्टेशनावर उतरली. न्यावयास कोणी आले नव्हते. स्टेशनमास्तराने तिकिटे घेतली, विचारपूस केली आणि मुले महार आहेत हे कळताच त्याचा चेहरा पालटला. बाहेर बैलगाड्या उभ्या होत्या. पण भाडे मिळत असूनही कोणी गाडीवान तयार होईना. शेवटी एक तयार झाला तो अशा कराराने की, मुलांनी दुप्पट भाडे द्यावे, गाडी मुलांनीच हाकावी आणि त्याने बाजूने पायी चालावे. बाबासाहेबांनी ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आपल्या इंग्रजी टिपणात ही हकीगत स्वतः नोंदविलेली आहे.

या प्रसंगातील अपमान आपण अनेकदा ऐकला आहे. त्यातील हिशेबाकडे मात्र आपले लक्ष क्वचित जाते. एकाच दिवशी, एकाच प्रवासात त्या मुलांना दोन प्रकारचे भाडे द्यावे लागले. आगगाडीचे भाडे छापील होते. खिडकीवर बसलेल्या कारकुनाला ते जात पाहून वाढविता येत नव्हते. बैलगाडीचे भाडे तोंड पाहून ठरले. सदर्न मराठा रेल्वे ही काही समाजसुधारणेसाठी निघालेली संस्था नव्हती. भागधारकांना सरकारी हमीचे व्याज मिळवून देणारी ती विलायती कंपनी होती. डब्यात शेजारी कोण कसे वागे, पाणी कोण देई, हा प्रश्न वेगळाच. परंतु दर जाहीर असणे, छापील असणे आणि एकच असणे या तीन गोष्टींत केवढे बळ आहे, ते मसूर स्टेशनाच्या फाटकाच्या आत आणि बाहेर पाहिले म्हणजे कळते. आतला दर नियमाने बांधला होता. बाहेरचा दर गाडीवानाच्या मर्जीवर होता, आणि त्याच्या मर्जीवर गावाची रूढी बसलेली होती.

स्वतंत्र भारतात त्या गाडीवानाचा करार गुन्हा ठरला. १९५५ च्या अस्पृश्यता (अपराध) कायद्याच्या सहाव्या कलमाने असे सांगितले की, जो माल वा जी सेवा इतरांना नेहमीच्या व्यवहारात ज्या वेळी, ज्या ठिकाणी आणि ज्या अटींवर दिली जाते, ती त्याच अटींवर देण्यास अस्पृश्यतेच्या कारणावरून नकार देणारा शिक्षेस पात्र होईल. ‘त्याच अटींवर’ या दोन शब्दांत दुप्पट भाड्याचा प्रश्न आला. सार्वजनिक वाहनाच्या वापराचे नाव त्याच कायद्याच्या चौथ्या कलमात स्पष्टपणे घातलेले आहे. १९७६ च्या दुरुस्तीने या कायद्याचे नाव नागरी हक्क संरक्षण कायदा असे झाले. नाव बदलले तरी सहावे कलम राहिले. ते आपल्या घरातील शिकलेल्या मुलामुलींनी एकदा मुळातून वाचावे.

येथे एक भेद नीट ध्यानात घ्यावयास हवा. पुढील सारे विवेचन त्यावर उभे आहे. दर समान असणे ही एक गोष्ट आणि दर रास्त असणे ही दुसरी. मसूरला दर असमान होता. समजा, त्या गाडीवानाने साऱ्या उतारूंकडून दुप्पट भाडे उकळले असते, तर तो दर समान झाला असता, पण रास्त झाला नसता. समतेचा कायदा पहिल्या अन्यायावर चालतो. दुसऱ्यावर तो एकटा पुरत नाही. ह्या दुसऱ्या प्रश्नावर जगातील सर्वांत मोठी लढाई अमेरिकेत झाली, आणि आपल्या घटनेतील शब्दांची निवड समजण्यासाठी तिकडे थोडे जाऊन यावे लागते.

अमेरिकेत गुलामगिरीवरून यादवी युद्ध झाले. ते संपल्यावर १८६८ साली तेथील घटनेत चौदावी दुरुस्ती झाली. काल गुलाम असलेल्या कृष्णवर्णीयांना राज्यांच्या जुलमापासून संरक्षण मिळावे हा तिचा प्रधान हेतू. तिच्यात इतर गोष्टींबरोबर दोन वचने आहेत. पहिले असे की, कोणत्याही राज्याने कोणाही व्यक्तीचे जीवित, स्वातंत्र्य वा मालमत्ता कायद्याच्या यथोचित प्रक्रियेवाचून हिरावून घेऊ नये. दुसरे असे की, कोणाही व्यक्तीला कायद्याचे समान संरक्षण नाकारू नये. ही दोन वचने आपण मनात धरून ठेवावीत.

त्याच काळात तेथील पश्चिमेकडील राज्यांत शेतकरी रेल्वे कंपन्यांच्या व धान्यकोठारांच्या मालकांच्या दरांनी गांजले होते. मका, गहू पिकवायचा त्यांनी, आणि शिकागोच्या बाजारात तो पोचेपर्यंत नफा खायचा कंपनीने. शेतकरी ‘ग्रेंज’ नावाच्या संघांत एकत्र झाले, निवडणुकांत उतरले, आणि इलिनॉय, आयोवा, विस्कॉन्सिन, मिनेसोटा या राज्यांनी कमाल दर बांधणारे कायदे केले. मालक न्यायालयात गेले. त्यांचे म्हणणे असे की, दर बांधणे म्हणजे आमची मालमत्ता हिरावणे होय. १८७७ साली ‘मन विरुद्ध इलिनॉय’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. सरन्यायाधीश वेट यांनी इंग्लंडच्या जुन्या कायद्याचा आधार घेऊन सांगितले की, जो आपली मालमत्ता सर्व जनतेला लागणाऱ्या उपयोगात आणतो त्याने जनतेचे नियंत्रणही मानले पाहिजे. आणि विधिमंडळ अतिरेक करीत असेल तर त्यावर उपाय मतपेटीत आहे. रेल्वेच्या दरांचे खटलेही त्याच वेळी त्याच न्यायाने निकालात निघाले. त्या दिवशी शेतकरी जिंकला.

परंतु कंपन्यांजवळ धीर होता आणि वकील होते. तेरा वर्षांनी, १८९० मध्ये, मिनेसोटाचा एक खटला आला. वाद कशाचा, तर दुधाच्या वाहतुकीचा! लहान लहान गावांतून सेंट पॉल आणि मिनिॲपोलिस या शहरांकडे जाणाऱ्या दुधाला कंपनी जे भाडे घेत होती ते राज्याच्या रेल्वे आयोगाला जास्त वाटले, आणि त्याने गॅलनला अडीच सेंट असा दर ठरवून दिला. ज्यांच्या घरी एखादी म्हैस आहे आणि जे रोज डेअरीला दूध घालतात, त्यांना अर्ध्या सेंटाची किंमत निराळी सांगावयास नको. सर्वोच्च न्यायालयाने राज्याचा तो कायदा घटनाबाह्य ठरविला. दर वाजवी आहे की नाही याचा अंतिम निवाडा आयोगाला करता यावयाचा नाही, न्यायालयाला करता आला पाहिजे. ती संधी नाकारणे म्हणजे यथोचित प्रक्रियेवाचून मालमत्ता हिरावणे होय, असे ते म्हणाले. १८९८ मध्ये नेब्रास्का राज्याच्या दरांवरील ‘स्मिथ विरुद्ध एम्स’ या खटल्यात न्यायालय आणखी पुढे गेले. कंपनीच्या मालमत्तेचे वाजवी मूल्य काढावे, आणि त्या मूल्यावर वाजवी नफा सुटेल असाच दर असावा, असा नियम त्याने घालून दिला. मूल्य कसे काढायचे या वादातच मग वर्षानुवर्षे गेली. हा नियम खऱ्या अर्थाने मोडीत निघाला तो १९४४ साली. तोवर गुलामांच्या मुलांसाठी लिहिलेले वचन कंपन्यांच्या तिजोरीवर पहारा देत उभे राहिले.

आणि ज्यांच्यासाठी ते लिहिले त्यांचे काय झाले? तेही आगगाडीच्या डब्यातच कळते. लुइझियाना राज्याने १८९० मध्ये कायदा करून गोऱ्यांचे आणि कृष्णवर्णीयांचे डबे वेगळे केले. १८९२ मध्ये होमर प्लेसी नावाचा गृहस्थ पहिल्या वर्गाचे तिकीट काढून गोऱ्यांच्या डब्यात बसला आणि उठण्यास नकार दिल्याबद्दल पकडला गेला. त्याने दुसऱ्या वचनाचा, समान संरक्षणाचा, आधार घेतला. १८९६ साली सात न्यायाधीशांनी त्याच्याविरुद्ध कौल दिला: डबे वेगळे असले तरी सोयी समान असतील तर समता भंगत नाही. एकट्या न्यायमूर्ती हार्लन यांनी विरोधी मत नोंदविले. दोन वर्षांनी स्मिथ-एम्सचा कंपन्यांना तारणारा निकाल लिहिणारे न्यायमूर्तीही हेच हार्लन होते, ही इतिहासातील विचित्र गोष्ट आहे. त्यांच्या दोन मतांपैकी जे कंपनीच्या पैशाबद्दल होते त्याचा लगेच कायदा झाला. जे माणसाच्या प्रतिष्ठेबद्दल होते त्याला १९५४ च्या ब्राउन खटल्यापर्यंत, म्हणजे अठ्ठावन्न वर्षे, वाट पाहावी लागली.

बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात होते. अर्थात हे सारे राज्य त्यांनी ऐन भरात पाहिले. पुढे घटना परिषदेत हा प्रश्न आपल्या दारी आला. घटना परिषदेचे सल्लागार सर बेनेगल राव १९४७ मध्ये अमेरिकेस गेले असता तेथील न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांनी त्यांना ‘यथोचित प्रक्रिया’ हे शब्द घेऊ नका असा सल्ला दिला. मसुदा समितीने ते शब्द काढले आणि त्यांच्या जागी ‘कायद्याने प्रस्थापित केलेली कार्यपद्धती’ असे शब्द घातले. आजचे एकविसावे कलम ते हेच. त्यात जीवित आहे, व्यक्तिस्वातंत्र्य आहे, मालमत्ता नाही. परिषदेत कन्हैयालाल मुनशी यांच्यासारखे सभासद जुन्या शब्दांचा आग्रह धरीत होते. १३ डिसेंबर १९४८ रोजी बाबासाहेबांनी उत्तर दिले ते एकांगी नव्हते. पक्षशिस्तीने भरलेले विधिमंडळ मूलभूत हक्क तुडवू शकते, हे त्यांनी मान्य केले. आणि पाच-सहा न्यायाधीशांनी बसून जनतेच्या प्रतिनिधींचा कायदा आपल्या मनाच्या तराजूवर तोलावा, हाही धोकाच आहे, असे सांगितले. दोन्हींकडे संकट पाहून त्यांनी निर्णय सभागृहावर सोपविला. अटकेतील माणसाला जे संरक्षण त्या शब्दांबरोबर गेले, त्यातील काही भाग त्यांनी सप्टेंबर १९४९ मध्ये वेगळे कलम आणून परत मिळवून दिला. तेच आजचे बाविसावे कलम.

म्हणजे पहिले वचन बाहेर राहिले. दुसरे, कायद्याच्या समान संरक्षणाचे, चौदाव्या कलमात सन्मानाने आले. चौदाव्या दुरुस्तीतील ते शब्द आपल्याकडेही चौदाव्याच कलमात यावेत हा योगायोगच. या निवडीचा परिणाम असा झाला की, सरकारने बांधलेला दर आपल्या नफ्याला पुरेसा नाही, एवढेच म्हणून कंपनीला भारतात स्मिथ-एम्सच्या वाटेने जाता येईना. अर्थात मालमत्तेचा हक्क निराळ्या कलमांत होता, आणि त्यावरून खटले झाले. तो मूलभूत हक्कांतून गेला तो १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने.

भारतात हा झगडा प्रथम पेटला तो रेल्वेवर नव्हे, मोटारींवर. १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर आपली पहिली एस. टी. धावली आणि खाजगी मोटारमालकांचे दिवस फिरले. उत्तर प्रदेशातील मोटारमालक सर्वोच्च न्यायालयात गेले व १९५४ च्या ‘सगीर अहमद’ खटल्यात जिंकले. धंदा करण्याचा त्यांचा मूलभूत हक्क डावलला गेला असे ठरले. परंतु दरम्यान १९५१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीने एकोणिसाव्या कलमात भर पडली होती: सरकारला एखादा धंदा इतरांना वगळूनही स्वतः चालविता येईल. सगीर अहमदचा कायदा त्या दुरुस्तीआधीचा, म्हणून तो पडला. पुढचे कायदे टिकले. आज वाडीवस्तीवर पोचणारी लाल गाडी त्या भर घातलेल्या ओळींच्या आधाराने चालते, हे तिच्यात बसणाऱ्यांपैकी फारच थोड्यांना ठाऊक असेल.

रेल्वेची गोष्ट आणखी निराळी. सातव्या परिशिष्टाप्रमाणे रेल्वे हा संघसूचीचा विषय आहे. महाराष्ट्राच्या विधिमंडळाला तिच्या भाड्याला हात लावता येत नाही. एस. टी.चे भाडे राज्याच्या कक्षेत ठरते. २५ जानेवारी २०२५ पासून ते १४.९५ टक्क्यांनी वाढले तेव्हा जाब मुंबईला विचारता येत होता. रेल्वेचा जाब दिल्लीत. आणि तेथे जाब द्यायला कंपनी उरलेलीच नाही. मिरजेहून पंढरपूर-कुर्डुवाडीकडे जाणारी बार्शी लाइट रेल्वे ही लंडनच्या कंपनीची होती. १ जानेवारी १९५४ रोजी ती सरकारने घेतली. ती अरुंद गेजची, पुण्याकडची मीटरगेज, पुण्यापुढे ब्रॉडगेज. १९७१ मध्ये मिरज-पुणे मार्ग रुंद होईपर्यंत सांगलीची हळद आणि गुळाचे रवे मुंबईस निघाले की वाटेत एका वाघिणीतून दुसऱ्या वाघिणीत जात. प्रत्येक वेळी हमाली, प्रत्येक वेळी फुटतूट, आणि तो सारा बोजा शेवटी शेतात राबणाऱ्याच्या पदरात. मालाला भाव मुंबईत ठरतो, त्यातून भाडे वजा होते, अडत वजा होते. उरते ते मालकाचे, आणि त्यातून उरते ते मजुराचे. म्हणून ज्याच्या नावावर गुंठाभर जमीन नाही त्यानेही भाड्याच्या प्रश्नापासून दूर राहू नये.

अमेरिकेत राज्य एका बाजूस, कंपनी दुसऱ्या बाजूस आणि न्यायालय मध्ये, असा त्रिकोण होता. आपल्याकडे रेल्वेची मालक केंद्र सरकार आणि दर ठरविणारेही तेच. तेव्हा प्रश्न उलटा झाला. मालकाला राज्यापासून वाचविण्याचा नव्हे, तर गिऱ्हाइकाला मालक असलेल्या राज्यापासून वाचविण्याचा. यासाठी सोय केलेली आहे. १९२६ मध्ये नेमलेली रेल्वे दर सल्लागार समिती केवळ सल्ला देई. १९४८ मध्ये कायदा दुरुस्त करून तिच्या जागी रेल्वे दर न्यायाधिकरण आले व ते मद्रासला बसू लागले. कोणावर अनुचित मेहेरनजर केली जात आहे काय, आणि दर अवाजवी आहे काय, या तक्रारी त्याने ऐकावयाच्या.

ही सोय किती पुरते ते १९५८ मध्ये कळले. रायगढ ज्यूट मिल्स या गिरणीने ईस्टर्न रेल्वेविरुद्ध तक्रार केली. हे रायगढ म्हणजे आपले महाडजवळचे नव्हे. ते तेव्हाच्या मध्य प्रदेशातील, आजच्या छत्तीसगडातील. आम्हांला लागणारा दर अवाजवी आहे आणि इतरांवर मेहेरनजर आहे, असे गिरणीचे म्हणणे. न्यायाधिकरणात ती हरली, सर्वोच्च न्यायालयातही हरली. ज्या पीठाने हा निकाल दिला त्यात न्यायमूर्ती प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर होते. त्यांचा जन्म साताऱ्याचा, आणि सालही १९०१च, ज्या साली ती चार मुले मसूरला उतरली. निकालाचे सार असे की, जो तक्रार करील त्यानेच ती शाबीत केली पाहिजे. नुसता दोन दरांतील फरक दाखवून भागत नाही. कायद्याच्या दृष्टीने हे तर्कशुद्ध आहे. पण एक वाघीण मिरजेहून मुंबईस नेण्यास रेल्वेला खरोखर किती खर्च येतो याच्या वह्या कोणाजवळ असतात? रेल्वेजवळ. गिरणीसारख्या धनिकाला जे शाबीत करता आले नाही ते एखाद्या हळदवाल्याने कसे शाबीत करावे? माझ्या मते खर्चाचे आकडे पुढे ठेवण्याचे ओझे कायद्याने रेल्वेवर घालावयास हवे होते. ते घातले गेले नाही.

१९८९ चा नवा रेल्वे कायदा वाचला तर आणखी एक गोष्ट दिसते. सत्तराव्या कलमात अनुचित पक्षपाताला बंदी आहे, छत्तिसाव्यात तक्रारीचा हक्क आहे. लागलीच सदतिसाव्यात सांगितले आहे की, पुढील बाबींत न्यायाधिकरणाने पडू नये: मालाचे वर्गीकरण, डेमरेज व व्हार्फेज, उतारूंचे भाडे, सामान आणि पार्सलचे भाडे. म्हणजे पूर्ण वाघिणी भरणाऱ्या कारखान्याला दाराशी उभे राहता येते. मुंबईला गिरणीत, बंदरात, इमारतीच्या कामावर गेलेल्या आपल्या माणसाचे तिकीट आणि त्याने गावी पाठविलेले पार्सल त्या दारातून आतच जात नाही. पूर्वी निदान दरवर्षी रेल्वेचे अंदाजपत्रक संसदेत वेगळे मांडले जाई आणि दरवाढीवर खासदार बोलत. १९२४ पासूनची ती प्रथा २०१७ साली संपली. त्याच वर्षीच्या वित्त कायद्याने दर न्यायाधिकरणाचे काम रेल्वे दावा न्यायाधिकरणाकडे गेले. १ जुलै २०२५ ची भाडेवाढ परिपत्रकाने आली. साध्या दुसऱ्या वर्गाला पाचशे किलोमीटरपर्यंत ती लागली नाही, हे खरे. पण न लागणे हे मेहेरबानीखाते झाले, हक्क झाला नाही.

मग चौदावे कलम कामाचे काय? ते कामाचे आहे, पण त्याच्या मर्यादा ओळखून. दर किती असावा हे ठरविण्याचे काम आपली न्यायालये सहसा अंगावर घेत नाहीत. १९९० साली श्री सीताराम शुगर कंपनीच्या खटल्यात, जो लेव्ही साखरेच्या किमतीचा होता, सर्वोच्च न्यायालयाने ही भूमिका पुन्हा मांडली. सारा ऊसपट्टा त्या निकालाशी बांधलेला होता. दर मनमानी आहे, एकसारख्या माणसांत कारणाशिवाय भेद करतो, असे दाखविता आले तरच न्यायालय हात घालते. स्मिथ-एम्सचे दार कंपन्यांना बंद ठेवण्यासाठी जो संयम स्वीकारला गेला, तोच संयम गरिबाच्याही वाट्याला येतो, हे आपण डोळे उघडे ठेवून मान्य केले पाहिजे. तरीही मला ती निवड योग्य वाटते. ज्या देशात मालमत्ता मूठभरांच्या हाती आणि मत प्रत्येकाच्या हाती, तेथे दरांचा प्रश्न मालमत्तेच्या मोजमापाने सुटावा यापेक्षा मतांच्या बळाने सुटावा यात आपले हित अधिक आहे. मात्र त्यासाठी संसदेत तो प्रश्न निघाला पाहिजे, आणि तो काढावा म्हणून आपल्या खासदाराला पत्र गेले पाहिजे. त्या पत्रात मागणी एकच पुरे: सदतिसाव्या कलमातून उतारूंचे आणि पार्सलचे भाडे काढा.

तोवर जे हातात आहे ते वापरावे. रेल्वे कायद्याच्या एकोणपन्नासाव्या कलमाप्रमाणे प्रत्येक स्टेशनावर गाड्यांच्या वेळा आणि भाड्याचा तक्ता ठळक जागी लावलेला असला पाहिजे, आणि तो हिंदी-इंग्रजीबरोबर प्रदेशाच्या भाषेत, म्हणजे आपल्याकडे मराठीत, असला पाहिजे. एकसष्टाव्या कलमाप्रमाणे माल घेतला जातो त्या प्रत्येक स्टेशनावर दरपुस्तक ठेवणे रेल्वेवर बंधनकारक आहे, आणि ते कोणाही माणसाला वाजवी वेळेत, एक पैसाही न घेता पाहावयास मिळाले पाहिजे. ‘कोणाही माणसाला’ हे कायद्याचे शब्द आहेत. अडत्याची चिठ्ठी लागत नाही, हुंडेकऱ्याची ओळख लागत नाही. आपल्या तरुणांनी मिरज, सांगली, कराड, कोरेगाव, जेथे जेथे मालधक्का आहे तेथे जाऊन ते पुस्तक मागावे. एकदा मागून पाहिल्याशिवाय ते आहे की नाही हेसुद्धा कळावयाचे नाही.

आणि नकार मिळाला, किंवा दर माणूस पाहून बदलला, तर आता मुंबईपर्यंत जाण्याचीही आवश्यकता राहिलेली नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ कोल्हापुरास सुरू झाले, आणि सातारा व सांगली हे दोन्ही जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. मिरजेहून ते गाडीने तासा-दीड तासाच्या अंतरावर आहे. फक्त जाताना मोकळ्या हाताने जाऊ नये. भाड्याची पावती, दरपुस्तकातील आकड्याची स्वतः केलेली नोंद, आणि दर सांगणाऱ्याचा हुद्दा एवढे कागदावर असावे, आणि तिन्हींवर तारीख एकच असावी.